रशिया-युक्रेन युद्धाची मुळं कुठे आहेत? कीव्हच्या राजापासून २०२२ च्या हल्ल्यापर्यंतचा इतिहास

कीव्ह शहरात नीपर नदीकाठच्या टेकडीवर, हातात मोठा क्रूस धरलेल्या एका राजाचा पुतळा आहे. तो १८५३ पासून तिथे उभा आहे. त्याच राजाचा आणखी एक पुतळा मॉस्कोत क्रेमलिनच्या अगदी जवळ आहे, पण तो नवा आहे. ४ नोव्हेंबर २०१६ ला रशियाचे अध्यक्ष व्लादिमिर पुतिन यांनी त्याचं अनावरण केलं.

राजा एकच. युक्रेनमध्ये त्याला वोलोदिमिर म्हणतात आणि रशियात व्लादिमिर. आज एकमेकांविरुद्ध उभे ठाकलेले दोन अध्यक्ष, वोलोदिमिर झेलेन्स्की आणि व्लादिमिर पुतिन, यांची नावंही याच नावाची दोन रूपं आहेत.

हा राजा १०१५ मध्ये वारला. मॉस्कोचा पहिला लेखी उल्लेख सापडतो तो ११४७ सालचा. म्हणजे राजाच्या हयातीत मॉस्को हे नावही कुठल्या नोंदीत नव्हतं. मग त्याचा पुतळा तिथे कशासाठी? या प्रश्नाचं उत्तर शोधायला लागलं की युद्धाच्या मुळापर्यंत जाता येतं.

कीव्हचं राज्य: दोघांचाही पूर्वज

नवव्या शतकाच्या अखेरीस नीपर नदीच्या व्यापारी मार्गावर एक राज्य उभं राहिलं. त्याचं नाव 'रूस' आणि राजधानी कीव्ह. राज्य करणारं घराणं उत्तरेकडून आलेल्या व्हायकिंग लोकांचं होतं आणि प्रजा बहुतांशी स्लाव्ह होती.

९८८ मध्ये राजा वोलोदिमिरने ख्रिस्ती धर्म स्वीकारला. तो रोमकडून न घेता कॉन्स्टँटिनोपलकडून घेतल्यामुळे या भागात ऑर्थोडॉक्स पंथ रुजला. त्याचा मुलगा यारोस्लाव्ह याच्या काळात कीव्ह युरोपातल्या मोठ्या शहरांपैकी एक बनलं. तिथलं सेंट सोफिया कॅथेड्रल त्याच अकराव्या शतकातलं आहे.

रशियाचा धर्म, लिपी आणि 'रशिया' हे नावसुद्धा या 'रूस'कडून आलं. म्हणून रशियन इतिहासाची पुस्तकं कीव्हपासून सुरू होतात. युक्रेनच्या इतिहासाची पुस्तकंही तिथूनच सुरू होतात.

१२४० मध्ये मंगोलांनी कीव्ह उद्ध्वस्त केलं आणि हे राज्य संपलं. त्यानंतर दोन्ही भागांच्या वाटा वेगळ्या झाल्या. ईशान्येकडे मंगोलांच्या मांडलिक राजांमधून मॉस्कोची सत्ता वाढत गेली. कीव्ह आणि आजच्या युक्रेनचा बराचसा भाग आधी लिथुआनिया आणि १५६९ नंतर पोलंडच्या राजवटीत गेला. तिथे शहरांना स्वतःचा कारभार पाहण्याचे हक्क मिळाले आणि सरदारांच्या सभा राजाला अडवू लागल्या. मॉस्कोत मात्र सगळी सत्ता झारच्या हाती एकवटत होती. साधारण चारशे वर्षं हे दोन प्रदेश वेगवेगळ्या सत्तांखाली राहिले आणि त्यांच्या भाषाही वेगळ्या दिशांनी घडल्या.

कोसॅक आणि १६५४ चा करार

नीपरच्या खालच्या अंगाला, गवताळ मैदानात कोसॅक नावाचे लढवय्ये राहत. जमीनदारांच्या जाचातून पळालेले शेतकरी, शिकारी, मच्छीमार असे लोक तिथे जमत. ते आपला प्रमुख स्वतः निवडत. या प्रमुखाला 'हेतमान' म्हणत.

१६४८ मध्ये हेतमान बोहदान ख्मेलनित्स्की याने पोलंडविरुद्ध उठाव केला. या उठावात हजारो ज्यूंची कत्तलही झाली, त्यामुळे ज्यूंच्या इतिहासात त्याचं नाव वेगळ्या अर्थाने घेतलं जातं. पोलंडशी एकट्याने लढणं जमेना म्हणून त्याने मॉस्कोच्या झारची मदत मागितली. १६५४ मध्ये पेरेयास्लाव्ह इथे कोसॅकांनी झारशी एकनिष्ठ राहण्याची शपथ घेतली.

इथेच एक अडचण झाली. झारनेही आपले हक्क पाळण्याची शपथ घ्यावी, अशी कोसॅकांची अपेक्षा होती. पोलंडचा राजा तशी शपथ घेत असे. पण झार आपल्या प्रजेपुढे शपथ घेत नसतो, असं म्हणून मॉस्कोच्या दूतांनी ती घ्यायला नकार दिला. कोसॅकांच्या दृष्टीने हा दोन बाजूंमधला करार होता. मॉस्कोच्या दृष्टीने कोसॅक झारची प्रजा झाले होते. पुढे सोव्हिएत काळात या घटनेला 'पुनर्मीलन' हे नाव मिळालं. युक्रेनी इतिहासकार तिला संरक्षणासाठी केलेली युती मानतात.

१६६७ मध्ये रशिया आणि पोलंड यांनी नीपर नदी ही सीमा धरून युक्रेन वाटून घेतला. हेतमान इव्हान माझेपा याने स्वीडनच्या राजाशी हातमिळवणी करून झार पीटरच्या विरोधात जाऊन पाहिलं, पण १७०९ मध्ये पोल्टावाच्या लढाईत ते दोघेही हरले. १७७५ मध्ये सम्राज्ञी कॅथरीनने कोसॅकांचा मुख्य तळ मोडून टाकला आणि १७८३ मध्ये तातारांचं राज्य असलेला क्रायमिया रशियात सामील केला. काळ्या समुद्राकाठच्या या नव्या मुलखाला 'नोव्होरोसिया', म्हणजे 'नवा रशिया', असं नाव दिलं गेलं. २०१४ मध्ये पुतिन यांनी हाच शब्द पुन्हा वापरला.

भाषेवर बंदी

झारच्या दरबारात युक्रेनचं अधिकृत नाव 'छोटा रशिया' होतं आणि युक्रेनी भाषा ही रशियनची गावंढळ बोली मानली जाई. पण एकोणिसाव्या शतकात त्या बोलीत मोठं साहित्य लिहिलं जाऊ लागलं.

तारास शेव्चेन्को हा कवी वेठबिगार कुटुंबात जन्मला होता. त्याची चित्रकला पाहून काही कलावंतांनी एका चित्राची लॉटरी काढून पैसे उभे केले आणि १८३८ मध्ये त्याला मालकाकडून सोडवलं. दोनच वर्षांनी 'कोब्झार' हा त्याचा युक्रेनी कवितासंग्रह आला. १८४७ मध्ये त्याला अटक झाली आणि सैनिक म्हणून दूरच्या ठाण्यावर पाठवण्यात आलं. त्याने लिहायचं नाही आणि चित्रही काढायचं नाही, अशी झारची आज्ञा होती.

१८६३ मध्ये रशियाचे गृहमंत्री व्हालुयेव्ह यांनी एक परिपत्रक काढलं. वेगळी युक्रेनी भाषा कधी नव्हती, आताही नाही आणि असूही शकत नाही, असा त्याचा सूर होता. त्या परिपत्रकाने युक्रेनीतली धार्मिक आणि शिक्षणाची पुस्तकं थांबवली. १८७६ मध्ये झार अलेक्झांडर दुसरा याने बंदी आणखी वाढवली. पुस्तकं बाहेरून आणणंही बंद झालं आणि नाटकांवरही गदा आली. जी भाषा अस्तित्वातच नाही असं म्हणायचं, तिच्यावर दोनदा बंदी घालावी लागली.

पश्चिमेकडे ल्विव्हच्या आसपासचा भाग ऑस्ट्रियाच्या ताब्यात होता. तिथे युक्रेनी वृत्तपत्रं आणि संस्था चालू राहिल्या. म्हणून युक्रेनी राष्ट्रवादाचा जोर आजही पश्चिमेकडे जास्त दिसतो. पूर्वेकडच्या डोनबासमध्ये कोळसा सापडला, कारखाने निघाले आणि रशियातून कामगार येत गेले. दोनेत्स्क शहराची सुरुवात तर एका वेल्श उद्योजकाच्या पोलाद कारखान्यापासून झाली. या भागात रशियन भाषा रुळली ती अशी.

लेनिनने युक्रेन 'बनवला' का?

हल्ल्याच्या तीन दिवस आधी, २१ फेब्रुवारी २०२२ ला केलेल्या भाषणात पुतिन यांनी म्हटलं की आजचा युक्रेन बोल्शेविकांनी, म्हणजे लेनिनच्या रशियाने निर्माण केला.

या म्हणण्यात तथ्य किती? सोव्हिएत काळात युक्रेनच्या सीमा अनेकदा बदलल्या, हे खरं आहे. पण क्रम उलटा आहे. १९१७ मध्ये झारची सत्ता कोसळल्यावर कीव्हमध्ये 'मध्य राडा' ही सभा स्थापन झाली आणि २२ जानेवारी १९१८ ला तिने स्वतंत्र युक्रेन घोषित केला. त्यानंतर बोल्शेविक, झारचे समर्थक, जर्मन, पोलिश अशा अनेक फौजा या भूमीवर लढल्या आणि शेवटी बोल्शेविक जिंकले.

पण युक्रेनी राष्ट्रभावना इतकी पसरली होती की ती नुसती दडपता येणार नाही, हे लेनिनच्या लक्षात आलं होतं. म्हणून युक्रेन थेट रशियात विलीन न करता त्याचं वेगळं प्रजासत्ताक ठेवलं गेलं. डिसेंबर १९२२ मध्ये सोव्हिएत संघ स्थापन झाला तेव्हा युक्रेन त्याचा संस्थापक सदस्य होता. संघातून बाहेर पडण्याचा हक्क कागदावर प्रत्येक प्रजासत्ताकाला होता. तो कुणी खरंच वापरेल, असं त्या काळी कुणाला वाटलं नव्हतं.

होलोदोमोर: उपासमारीचं वर्ष

युक्रेनची काळी माती जगातल्या सर्वात सुपीक जमिनींमध्ये मोडते. तरीही १९३२-३३ मध्ये तिथले लाखो शेतकरी उपाशी मेले.

स्टालिनने शेतजमिनी सक्तीने सामुदायिक केल्या होत्या. धान्यवसुलीचे आकडे इतके मोठे ठेवले की बियाणंही उरेना. ऑगस्ट १९३२ च्या कायद्याने सरकारी शेतातली मूठभर कणसं उचलणाऱ्यालाही कैद किंवा मृत्युदंड होऊ शकत होता. कोटा न भरणारी गावं काळ्या यादीत टाकून तिथला मालपुरवठा तोडला जाई. जानेवारी १९३३ मध्ये शेतकऱ्यांना युक्रेन सोडून जायलाही मनाई झाली. याच काळात सोव्हिएत धान्याची परदेशी निर्यात चालू होती.

मृतांच्या आकड्यावर एकमत नाही. पण बहुतेक अभ्यासक तो ३५ ते ५० लाखांच्या दरम्यान धरतात. युक्रेनी भाषेत याला 'होलोदोमोर' म्हणतात, म्हणजे उपासमारीने मारणं. २००६ मध्ये युक्रेनच्या संसदेने कायदा करून याला वंशसंहार ठरवलं. रशियाला हे मान्य नाही. दुष्काळ कझाकस्तान आणि रशियाच्या काही भागांतही पडला होता, त्यामुळे तो युक्रेनी लोकांविरुद्ध नव्हता, असं रशिया म्हणतो. कझाकस्तानातही भयानक बळी गेले हे खरं आहे. पण गावांची नाकेबंदी करण्याचे आदेश प्रामुख्याने युक्रेन आणि युक्रेनी वस्ती असलेल्या कुबानसाठी निघाले होते, याकडे अनेक इतिहासकार बोट दाखवतात.

सोव्हिएत काळात या दुष्काळाचा उल्लेख करायचीही सोय नव्हती. घरातल्या म्हाताऱ्यांनी तो हळू आवाजात सांगितला आणि तो पिढ्यान्‌पिढ्या टिकला.

दुसरं महायुद्ध आणि 'नाझी' हा शब्द

रशिया या युद्धाचा उद्देश 'नाझींचा नायनाट' असा सांगतो. या शब्दामागे १९४० च्या दशकातला इतिहास आहे.

१९३९ मध्ये हिटलर आणि स्टालिन यांनी पोलंड वाटून घेतला आणि ल्विव्हसह पश्चिम युक्रेन सोव्हिएत संघात आला. १९४१ मध्ये जर्मन फौजा आल्या तेव्हा स्तेपान बांदेरा या नेत्याच्या राष्ट्रवादी संघटनेने त्यांची मदत घेऊन स्वतंत्र युक्रेन घोषित केला. जर्मनांना ते नकोच होतं. त्यांनी बांदेराला अटक करून छळछावणीत ठेवलं. त्याच्या संघटनेचे काही लोक ज्यूंच्या हत्यांमध्ये सामील होते, आणि १९४३ मध्ये तिच्या लष्करी शाखेने वोलिन भागात हजारो पोलिश नागरिकांची कत्तल केली. युक्रेनमध्ये काही जण बांदेराला स्वातंत्र्यसेनानी मानतात, तर पोलंड आणि रशिया त्याला गुन्हेगार मानतात.

दुसरी बाजूही तितकीच मोठी आहे. लाखो युक्रेनी सैनिक सोव्हिएत लाल सेनेतून हिटलरविरुद्ध लढले. कीव्हजवळच्या बाबिन यार दरीत सप्टेंबर १९४१ मध्ये नाझींनी दोन दिवसांत ३३,७७१ ज्यू मारले. आणि आज ज्या देशाला 'नाझी' म्हटलं जातं, त्याचे अध्यक्ष झेलेन्स्की स्वतः ज्यू आहेत. त्यांचे आजोबा लाल सेनेत होते.

क्रायमिया कुणाचा?

मे १९४४ मध्ये स्टालिनने क्रायमियातल्या तातारांवर जर्मनांना मदत केल्याचा ठपका ठेवून त्या संपूर्ण समाजाला हद्दपार केलं. सुमारे १ लाख ९० हजार लोकांना मालगाड्यांत भरून मुख्यतः उझबेकिस्तानात नेलं गेलं. त्यांना परतायला चाळीसहून अधिक वर्षं लागली. त्यानंतर क्रायमियात रशियन वस्ती बहुसंख्य झाली.

१९५४ मध्ये क्रायमिया रशियाकडून युक्रेनकडे देण्यात आला. ही ख्रुश्चेव्ह यांनी दिलेली भेट होती असं सर्रास म्हटलं जातं. सरकारी हुकमात मात्र कारणं लिहिली आहेत ती भौगोलिक जवळीक आणि आर्थिक संबंधांची. क्रायमिया जमिनीने युक्रेनलाच जोडलेला आहे आणि पुढे नीपरचं पाणी कालव्याने तिथे नेलं गेलं. सगळं एकाच देशात होतं, त्यामुळे तेव्हा या बदलाचा फारसा गाजावाजा झाला नाही.

१९९१: ९२ टक्के लोकांचा होकार

२४ ऑगस्ट १९९१ ला युक्रेनच्या संसदेने स्वातंत्र्य जाहीर केलं आणि १ डिसेंबरला त्यावर सार्वमत घेतलं. ८४ टक्के लोकांनी मतदान केलं आणि त्यातल्या ९२ टक्क्यांनी स्वातंत्र्याला होकार दिला.

प्रांतवार आकडे जास्त बोलके आहेत. रशियन भाषिक मोठ्या संख्येने असलेल्या दोनेत्स्क आणि लुहान्स्कमध्ये ८० टक्क्यांहून जास्त मतं स्वातंत्र्याच्या बाजूने पडली. क्रायमियात हा आकडा ५४ टक्के होता. तो सर्वात कमी होता, पण तिथेही बहुमत स्वातंत्र्यालाच मिळालं.

आठवड्याभरात रशिया, युक्रेन आणि बेलारूसच्या नेत्यांनी सोव्हिएत संघ संपल्याच्या करारावर सह्या केल्या. प्रजासत्ताकांच्या तेव्हाच्या सीमा याच नव्या देशांच्या सीमा ठरल्या.

अण्वस्त्रं दिली, बदल्यात कागद मिळाला

स्वतंत्र झाला त्या दिवशी युक्रेनकडे जगातला तिसऱ्या क्रमांकाचा अण्वस्त्रसाठा होता. लांब पल्ल्याच्या क्षेपणास्त्रांची सुमारे १,९०० अण्वस्त्रं त्याच्या भूमीवर होती. ती डागण्याचं नियंत्रण मॉस्कोकडे होतं आणि ती सांभाळण्याचा खर्च युक्रेनला झेपणारा नव्हता. पण वाटाघाटीत वापरता येईल अशी ती मोठी गोष्ट होती.

५ डिसेंबर १९९४ ला बुडापेस्टमध्ये युक्रेन, रशिया, अमेरिका आणि ब्रिटन यांनी एका निवेदनावर सह्या केल्या. युक्रेनने अण्वस्त्रं सोडायची, आणि बाकीच्या तिघांनी त्याचं स्वातंत्र्य आणि सीमा मानायच्या, त्याच्याविरुद्ध बळ वापरायचं नाही. १९९६ पर्यंत शेवटची अण्वस्त्रं रशियाला गेली. त्या कागदात आश्वासन होतं, लष्करी हमी नव्हती. कुणी शब्द मोडला तर इतरांनी लढायला यावं, असं त्यात कुठेही लिहिलेलं नव्हतं.

१९९७ च्या मैत्री करारात रशियाने युक्रेनच्या सीमा पुन्हा मान्य केल्या. त्यासोबत सेव्हास्तोपोल बंदरात रशियन आरमार भाड्याने राहील, हेही ठरलं. आणि २८ जानेवारी २००३ ला कीव्हमध्ये दोन्ही देशांच्या जमिनीवरच्या सीमेचा करार झाला. त्यावर रशियातर्फे सही होती व्लादिमिर पुतिन यांची.

नाटोचा मुद्दा

युद्धाचं कारण विचारलं की सोशल मीडियावर सर्वात आधी येणारं उत्तर म्हणजे नाटो. ते उत्तर निराधार नाही, पण तेवढंच पुरेसं नाही.

नाटो पूर्वेकडे वाढणार नाही असं आश्वासन १९९० मध्ये मिळालं होतं, असं रशिया म्हणतो. जर्मनीच्या एकीकरणाच्या चर्चेत अमेरिकेचे परराष्ट्रमंत्री जेम्स बेकर तशा अर्थाचं बोलले होते, पण कोणत्याही करारात ते आलं नाही. १९९९ मध्ये पोलंड, हंगेरी आणि चेक प्रजासत्ताक नाटोत आले. २००४ मध्ये आणखी सात देश आले आणि त्यात रशियाच्या सीमेवरचे बाल्टिक देशही होते. त्या देशांनी सोव्हिएत रणगाडे पाहिलेले होते आणि नाटोत यायची घाई त्यांनाच होती. मॉस्कोला मात्र आपल्याभोवती वेढा पडतोय असं वाटत गेलं.

एप्रिल २००८ मध्ये बुखारेस्टच्या बैठकीत नाटोने जाहीर केलं की युक्रेन आणि जॉर्जिया कधीतरी सदस्य होतील. तारीख दिली नाही, संरक्षणही दिलं नाही. रशिया चिडला आणि युक्रेनच्या हाती काही पडलं नाही.

पण पुढचा क्रम पाहण्यासारखा आहे. २०१० मध्ये युक्रेनने कायदा करून कोणत्याही लष्करी गटात न जाण्याचं ठरवलं. २०१४ मध्ये क्रायमिया गेला तेव्हा हा कायदा लागू होता. तो रद्द झाला डिसेंबर २०१४ मध्ये, म्हणजे क्रायमिया गेल्यानंतर. २०२३ मध्ये रशियाशी १,३०० किलोमीटरहून लांब सीमा असलेला फिनलंड नाटोत गेला, तेव्हा रशियाने त्याच्यावर हल्ला केला नाही.

दोन आंदोलनं

२००४ मध्ये अध्यक्षपदाच्या निवडणुकीत मॉस्कोच्या पसंतीचे व्हिक्टर यानुकोविच विजयी जाहीर झाले. मतमोजणीत घोटाळा झाल्याचा आरोप करत लाखो लोक कीव्हच्या रस्त्यांवर आले. ही 'नारिंगी क्रांती'. सर्वोच्च न्यायालयाने फेरमतदान घ्यायला लावलं आणि व्हिक्टर युश्चेन्को जिंकले. प्रचाराच्या काळात त्यांच्यावर विषप्रयोग झाला होता.

२०१० मध्ये यानुकोविच रीतसर निवडून आले. नोव्हेंबर २०१३ मध्ये युरोपियन युनियनसोबत ठरलेल्या करारावर सही करायला त्यांनी ऐनवेळी नकार दिला आणि रशियाकडून कर्ज घेतलं. मैदान चौकात पुन्हा आंदोलन पेटलं. फेब्रुवारी २०१४ मध्ये गोळीबार झाला आणि सुमारे शंभर आंदोलक मारले गेले. यानुकोविच देश सोडून गेले आणि संसदेने त्यांना पदावरून दूर केलं.

रशियाच्या मते हा पाश्चिमात्य देशांनी घडवलेला उठाव होता. अमेरिकेचा आंदोलनाला पाठिंबा उघड होता. पण हाडं गोठवणाऱ्या थंडीत तीन महिने चौकात राहणाऱ्या लोकांना तो चौक कुणी भाड्याने भरून दिला होता, असं म्हणणं मैदान पाहिलेल्यांना पटत नाही.

२०१४ ते २०२२: न संपलेलं युद्ध

काही दिवसांतच क्रायमियात बिल्ला नसलेल्या हिरव्या गणवेशातले सैनिक दिसू लागले. ते आपले नाहीत असं रशिया आधी म्हणाला आणि नंतर पुतिन यांनी ते मान्य केलं. त्या सैनिकांच्या पहाऱ्यात १६ मार्चला सार्वमत झालं आणि १८ मार्चला क्रायमिया रशियात सामील केल्याचं जाहीर झालं. संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेत १०० देशांनी हे सार्वमत अवैध ठरवलं, ११ देश विरोधात गेले आणि भारतासह ५८ तटस्थ राहिले.

एप्रिलमध्ये डोनबासमध्ये सशस्त्र गटांनी सरकारी इमारती ताब्यात घेतल्या. तिथल्या रशियन भाषिकांमध्ये कीव्हच्या नव्या सरकारबद्दल नाराजी होती. रशियन भाषेला प्रांतांत दर्जा देणारा कायदा रद्द करण्याचा ठराव संसदेने फेब्रुवारीत घाईने केला होता. हंगामी अध्यक्षांनी त्यावर सही केली नाही, पण भीती पसरली ती पसरलीच. तरी बंदूक हाती घेऊन स्लोव्हियान्स्क शहर ताब्यात घेणाऱ्या तुकडीचा म्होरक्या इगोर गिरकिन हा रशियन गुप्तचर खात्याचा माजी अधिकारी होता.

फेब्रुवारी २०१५ च्या मिन्स्क कराराने मोठी लढाई थांबली. मात्र आधी निवडणुका आणि विशेष दर्जा, की आधी सीमेवर युक्रेनचा ताबा, यावर गाडी अडली ती अडलीच. आठ वर्षांत डोनबासमध्ये १४ हजारांच्या आसपास माणसं मेली.

१२ जुलै २०२१ ला पुतिन यांनी एक लांबलचक लेख प्रसिद्ध केला. रशियन आणि युक्रेनी हे एकच लोक आहेत आणि युक्रेनचं खरं सार्वभौमत्व रशियासोबतच शक्य आहे, असं त्यात मांडलं होतं. २४ फेब्रुवारी २०२२ ला पहाटे रशियन फौजा तीन दिशांनी युक्रेनमध्ये शिरल्या.

कीव्ह काही दिवसांत पडेल असं अनेकांना वाटलं होतं. ते पडलं नाही. मार्चच्या अखेरीस रशियन सैन्य कीव्ह परिसरातून मागे गेलं आणि बुचा गावात रस्त्यांवर पडलेली नागरिकांची प्रेतं जगाने पाहिली. सप्टेंबर २०२२ मध्ये रशियाने दोनेत्स्क, लुहान्स्क, खेरसन आणि झापोरिझ्झिया हे चार प्रांत आपले म्हणून जाहीर केले, पण त्यातला एकही तेव्हा पूर्णपणे त्याच्या ताब्यात नव्हता. २०२४ च्या अखेरीपर्यंत संयुक्त राष्ट्रांनी पडताळलेले नागरी मृत्यूच १२ हजारांच्या वर होते. खरा आकडा त्याहून मोठा असणार.

खारकिव्ह आणि मारिउपोल ही मोठ्या प्रमाणावर रशियन बोलणारी शहरं. ज्यांचं रक्षण करायला आल्याचं रशिया म्हणत होता, त्यांच्याच घरांवर सर्वात जास्त बाँब पडले. झेलेन्स्की यांची मातृभाषाही रशियनच आहे.

महाराष्ट्रापर्यंत पोहोचलेल्या झळा

युद्ध सुरू झालं तेव्हा हजारो भारतीय विद्यार्थी युक्रेनमध्ये मेडिकलचं शिक्षण घेत होते आणि त्यात महाराष्ट्रातली मुलंही बरीच होती. 'ऑपरेशन गंगा'चं पहिलं विमान २६ फेब्रुवारी २०२२ ला २१९ जणांना घेऊन मुंबईत उतरलं. एकूण सुमारे साडेबावीस हजार भारतीय परत आले. तेव्हा भारतात येणारं बहुतेक सूर्यफूल तेल युक्रेनमधून येत असे, त्यामुळे त्या उन्हाळ्यात तेलाच्या पिशवीचा भाव घरोघरी जाणवला.

महत्त्वाच्या तारखा

- ९८८: कीव्हचा राजा वोलोदिमिर ख्रिस्ती धर्म स्वीकारतो
- १२४०: मंगोलांकडून कीव्ह उद्ध्वस्त
- १६५४: पेरेयास्लाव्हचा करार
- १८६३ आणि १८७६: युक्रेनी भाषेवर बंदी
- १९१८: स्वातंत्र्याची पहिली घोषणा
- १९३२-३३: होलोदोमोर
- १९५४: क्रायमिया युक्रेनकडे
- १९९१: सार्वमत आणि स्वातंत्र्य
- १९९४: बुडापेस्ट निवेदन
- २००३: सीमा करारावर पुतिन यांची सही
- २०१४: क्रायमियावर ताबा, डोनबासमध्ये लढाई
- २०२२: रशियाचा पूर्ण हल्ला

मग मूळ नेमकं कुठे?

हजार वर्षांपूर्वीचं कीव्हचं राज्य दोन्ही देशांचं आहे. त्यावर दोघांनी हक्क सांगितला तर त्यात वावगं काही नाही. पण पूर्वज एक असले म्हणून वारसांची घरं एक होत नाहीत. जुन्या राजाच्या नावाने सीमा आखायच्या ठरवल्या, तर मॉस्कोनेच कीव्हच्या अखत्यारीत जावं, असंही कुणी म्हणू शकेल.

नाटोचा विस्तार, भाषेचे कायदे, मिन्स्कचं अपयश यांनी तणाव वाढवला. यातल्या प्रत्येक मुद्द्यावर वाटाघाटी होऊ शकत होत्या, काहींवर झाल्याही. वाटाघाटी होऊ शकत नाहीत असा मुद्दा एकच होता: समोरचा देश खरोखर वेगळा देश आहे की नाही. झारच्या मंत्र्याने १८६३ मध्ये भाषेबद्दल जे म्हटलं होतं, तेच २०२१ च्या लेखात देशाबद्दल म्हटलं गेलं.

युक्रेनच्या लोकांनी या प्रश्नाचं उत्तर १ डिसेंबर १९९१ ला मतपेटीत टाकलं होतं. रशियाने ते १९९४, १९९७ आणि २००३ मध्ये सही करून मान्य केलं होतं. आज शांततेच्या प्रत्येक चर्चेत युक्रेनचे प्रतिनिधी पहिला प्रश्न विचारतात तो हाच: नव्या कागदावर सही झाली, तर ती पाळली जाईल याची हमी कोण देणार?